कारभार पुण्यात

मला एकही गेम खेळता येत नाही आणि घरातले सगळे गेम मी सांभाळते. यात ज्यांना विसंगती दिसते त्यांनी पुण्याचा इतिहास पुन्हा एकदा वाचावा. १७५० च्या सांगोल्याच्या करारानंतर छत्रपती साताऱ्यात आणि कारभार पुण्यात, ही व्यवस्था या शहराच्या चांगलीच अंगवळणी पडलेली आहे. आमचे छत्रपती सध्या जर्मनीत एमएस करतात. कॉम्प्युटर कोथरूडला आहे.

हा कॉम्प्युटर २०२१ साली टिळक रोडवरून आणला, तो इंजिनिअरिंगच्या अभ्यासाला अत्यावश्यक म्हणून. तेव्हा जगभर ग्राफिक्स कार्डांचा दुष्काळ होता आणि दुकानदार भाव सांगताना आपल्याकडे बघत नसत. त्यात आरटीएक्स ३०६० नावाचं कार्ड आहे. त्याचा अभ्यासात नेमका उपयोग काय, असं मी विचारलं होतं. उत्तर इंग्रजीत आणि घाईघाईने मिळालं. जर्मनीला जाताना चिरंजीव म्हणाले, “आई, अधूनमधून नुसता चालू करत जा.” उभी हयात राष्ट्रीयीकृत बँकेत गेली माझी. एखादी गोष्ट नुसती उघडून पुन्हा मिटणं मला जमत नाही.

उघडल्यावर भेटलं ते एनव्हिडियाचं ॲप. कार्ड बनवणाऱ्या कंपनीने कार्डाच्या दिमतीला दिलेला हा दिवाणजी. घरात कुठकुठले गेम आहेत ते तो स्वतःच हुडकतो, त्यांची यादी लावतो आणि प्रत्येकापुढे ‘ऑप्टिमाइझ’ असं बटण ठेवतो. या घराण्याचा मूळ पुरुष २०१३ सालचा, जीफोर्स एक्सपिरियन्स. कंपनीने आपल्याकडच्या यंत्रांवर गेम चालवून बघायचे, कुठल्या कार्डाला किती सावल्या झेपतात आणि पाण्यातली किती प्रतिबिंबं परवडतात ते ठरवायचं आणि ती शिफारस घरोघर पाठवायची, अशी त्याची कामाची पद्धत. २०१६ मध्ये त्यात शिरायला खातं उघडणं सक्तीचं झालं. गेम खेळणारं जग त्यावर खवळलं. मला मात्र ते रीतसर वाटतं, ओळख पटवल्याशिवाय काउंटरवर यायचंच कशाला? नोव्हेंबर २०२४ मध्ये मूळ पुरुष निवृत्त झाला, नवं ॲप गादीवर आलं आणि लॉगिन ऐच्छिक झालं. लाडावून ठेवतात झालं.

मी एकेक गेम तपासायला घेतला. ‘विचर ३’ मध्ये गेराल्ट नावाचा पांढऱ्या केसांचा एक गृहस्थ आहे. त्याच्या केसांसाठी सेटिंग्जमध्ये स्वतंत्र रकाना आहे, हेअरवर्क्स. पर्याय तीन: बंद, फक्त गेराल्ट, सगळे. ‘सगळे’ म्हणजे रानातल्या लांडग्यांचेसुद्धा केस वाऱ्यावर एकेक हलणार आणि त्याचा भार आमच्या कार्डावर पडणार. शिवाय या माणसाची दाढी गेममध्ये दिवसागणिक वाढते आणि ती करायला त्याला न्हाव्याकडे न्यावं लागतं. चिरंजीव स्वतः दोन-दोन महिने केस कापत नव्हते, मात्र गेराल्टची दाढी वेळच्या वेळी. मी ‘बंद’ केलं. केस जसे होते तसेच दिसतात, उगीच हलत नाहीत एवढंच.

मग फ्रेम. चिरंजिवांचा मॉनिटर सेकंदाला १४४ चित्रं दाखवणारा आणि त्यांची इच्छा अशी की कार्डाने तेवढी पुरवावीत. पूर्ण जोर लावला की हे कार्ड १७० वॉट खातं. म्हणजे डोक्यावरचे दोन जुने पंखे चालवून वर एक बल्ब. ॲपमध्ये ‘मॅक्स फ्रेम रेट’ अशी सोय आहे, तिथे मी ६० घातले. यावर व्हिडिओ कॉलवर बरीच वादावादी झाली. मी एवढंच म्हटलं, की प्रभातने १९३६ साली तुकोबांना वैकुंठाला नेलं ते सेकंदाला २४ चित्रांत आणि तो सिनेमा व्हेनिसला गाजला. तुला एका राक्षसाला मारायला १४४ कशाला हवीत? तो म्हणाला, “आई, तुकोबांवर कोणी गोळ्या झाडत नव्हतं.”

काटकसरीचा फायदा असा होतो. डिसेंबर २०२४ मध्ये जगभर ओरड झाली, की हे नवं ॲप घातल्यापासून काही गेम १५ टक्क्यांपर्यंत मंदावतात. दोष निघाला तो चालू खेळावर रंगसंगती चढवणाऱ्या गेम फिल्टर्स आणि फोटो मोडचा. ते वापरत नसलात तरी नुसते चालू असले की पुरे. कंपनीनेच सांगितलं, तूर्त बंद ठेवा. आमच्याकडे ते आधीच बंद होते. ज्या खोलीत माणूस नाही तिथला दिवा मी बंद करते, त्याच न्यायाने. पुढे २०२५ च्या सुरुवातीला ५७२ क्रमांकाचे ड्रायव्हर आले आणि लोकांचे पडदे काळे पडू लागले, तेव्हाही मी ५६६.३६ वरून हलले नव्हते. नवं सर्क्युलर आलं की आधी शेजारच्या शाखेचं काय होतं ते पाहावं, ही शिकवण कुठल्याच ॲपमध्ये नसते.

एनव्हिडियाचं ऑफिस आपल्या येरवड्यातच आहे. आमच्या सोसायटीतली एक मुलगी तिथे कामाला जाते. लिफ्टमध्ये गाठून मी तिला विचारलं, “काय गं, ‘ऑप्टिमाइझ’ दाबलं की सावल्या ‘हाय’वर का जातात? ‘मीडियम’ला काय वाईट आहे?” ती म्हणाली, “काकू, मी चिप व्हेरिफिकेशनला आहे.” म्हटलं, मग सावल्यांचा टेबल कोणाकडे? तिसऱ्या मजल्यावर उतरून गेली. ती राहते सातव्यावर.

एकदा डिस्क भरत आल्याची लाल पट्टी दिसली. शोध घेता कळलं की या दिवाणजीला दप्तर ठेवायचीही खोड आहे. ‘इन्स्टंट रिप्ले’ चालू असलं की शेवटची काही मिनिटं तो सतत टिपत राहतो आणि ऑल्ट व एफ-१० दाबलं की त्याची फिल्म करून गेमच्या नावाच्या फोल्डरमध्ये टाकतो. त्यात माइक ‘ऑल्वेज ऑन’. मी एक फिल्म लावली. धूर, पडकी भिंत, चिरंजीव दबा धरून बसलेले, मित्र कानात कुजबुजतायत आणि ऐन मोक्याला मागून खणखणीत बाईचा आवाज: “पोळ्या गार होतायत, आत्ताच्या आत्ता ऊठ!” बंदूक दचकली, गोळी आभाळात गेली, समोरच्याने चिरंजिवांना टिपलं. एक मित्र म्हणाला, “काकूंनी घेतला रे हा किल.” मी फोल्डर नीट चाळलं. वरण, कुकरच्या शिट्ट्या, “गॅस बंद कर रे,” आणि एकदा तर गुरुवारी पाणी जाणार म्हणून बादल्या भरायचा हुकूम, सगळं लढायांच्या पार्श्वभूमीवर. एवढी वर्षं वाटायचं, आपलं या घरात कोणी ऐकत नाही. इथे सगळं नोंदलेलं होतं, तारीखवार. ज्यात माझा आवाज स्पष्ट आहे त्या फिल्म ठेवल्या, नुसत्या शौर्याच्या पुसून टाकल्या.

तंटा पेटला तो ‘राजी’वरून. हा गेम पुण्यातच बनलेला, नॉडिंग हेड्स गेम्सचा, २०२० सालचा. राजी नावाची सर्कशीतली मुलगी राक्षसांनी पळवलेल्या भावाला, गोलूला, शोधत निघते. गावचा माल म्हणून त्याची तपासणी मी मुद्दाम मनावर घेतली. सुरू करताना गेमचं खातं सांभाळणाऱ्या स्टीमने विचारलं, हे खातं दुसरीकडे खेळतंय, इथे चालवलं तर तिकडचं तुटेल, चालेल? तपासणी अधिकारी आला की शाखेने काम थांबवायचंच असतं. मी ‘हो’ म्हटलं. ऑल्ट आणि आर दाबून कोपऱ्यात आकडे उघडले: फ्रेम ६०, कार्ड ७१ अंश. मे महिना होता, शिमला ऑफिसच्या वेधशाळेचा आकडा ३९ होता, त्यामानाने ७१ मला संयमाचं वाटलं. पंख्याचा वेग वहीत उतरवून घेईपर्यंत राक्षसाने राजीला मारलं. तापमान मात्र उत्तम राहिलं.

तेवढ्यात जर्मनीहून फोन. “आई! तू आत्ता काय दाबलंस? फायनल होती! चार लोक माझ्यावर अवलंबून होते!”

“इथे गोलू राक्षसांच्या ताब्यात आहे,” मी म्हटलं. “आणि दुपारी तीन वाजता तुझं लेक्चर नसतं का?”

पलीकडे शांतता. तिकडे साडेअकरा वाजले होते, हे आम्हा दोघांच्याही एकाच वेळी लक्षात आलं. फोन कट झाला.

रात्री व्हॉट्सॲपवर कलमवार मसुदा आला. तपासणी भारतीय वेळेनुसार दुपारी बाराच्या आत करावी, कारण तेव्हा ते झोपलेले असतात. गेराल्टच्या केसांना हात लावू नये. फ्रेम पुन्हा १४४ कराव्यात. बदल्यात ते दर रविवारी न चुकता फोन करतील आणि माइक चालू ठेवतील. मी एकच दुरुस्ती सुचवली: लेक्चर चुकलं तर त्या आठवड्यात ३०. खाली सहीच्या जागी त्याने अंगठा पाठवला. आता अंगठ्याचा व्यवहार म्हटला की दोन साक्षीदार लागतात, त्यांतला एक बँकेचा. बँकेची मी आहे. दुसरा म्हणून ह्यांना विचारलं, तर ते म्हणाले, मला यात ओढू नका. कागदपत्रं अपुरी असल्यामुळे तूर्त ६० च चालू आहेत.