सहकुटुंब उणे

बहुपदींची बेरीज असते तोवर सगळं गुण्यागोविंदानं चालतं. मग दोन कंसांच्या मधोमध एक आडवी रेघ येऊन बसते आणि भल्याभल्यांचं बीजगणित तिथंच आडवं होतं.

आमची भाची नववीत आहे. परवा वही नाचवत आली. गणित होतं (५क्ष² + ३क्ष − ७) − (२क्ष² − ४क्ष + ६) आणि तिचं उत्तर ३क्ष² − क्ष − १.

"अगं, तो उणे अख्ख्या कंसाला आहे."

"पण मामा, तो तर फक्त दोनाशेजारी उभाय!"

मुद्दा बिनतोड होता. पण कंसाबाहेरचा उणे म्हणजे 'सहकुटुंब सहपरिवार' लिहिलेली लग्नपत्रिका. दाराशी भेटलेल्या एकट्याला ती लागू होत नाही, आतल्या सगळ्यांना निघावंच लागतं. तेही चिन्ह बदलून. −४क्षचे +४क्ष, +६चे −६. उत्तर ३क्ष² + ७क्ष − १३.

तिचा विश्वास बसेना. म्हटलं, क्ष म्हणजे १ धर. पहिला कंस १, दुसरा ४, वजाबाकी −३. माझं उत्तरही −३. तिचं आलं १. पाव्हण्यांपुढे आपलं खोटं पडावं तशी ती वहीकडे बघत राहिली, आणि मग तिनं नवी आघाडी उघडली.

"मग ३क्ष² + ७क्षचे १०क्ष³ का नाही करायचे?"

याचं उत्तर भास्कराचार्यांनी ११५० च्या सुमारास देऊन ठेवलंय: बेरीज-वजाबाकी एकाच जातीच्या पदांची, भिन्न जातींनी वेगळं बसावं. (गणितात हे ठीक आहे, पंगतीत कुणी म्हटलं तर उठून यावं.) त्यांच्याकडे क्ष नव्हता. पहिली अज्ञात राशी यावत्तावत्, पुढच्या कालक, नीलक, पीतक, म्हणजे चक्क रंगांचा डबा. आणि ऋण संख्या दाखवायला तिच्या डोक्यावर एक बिंदू.

"हेच बरं होतं की!" भाची उसळली. "ज्याचं ऋण त्याच्या डोक्यावर. बाहेर उभं राहून सगळ्या घराला दटावणारं कुणी नाही."

ब्रह्मगुप्तानं ६२८ सालीच धन-ऋणांच्या वजाबाकीचे नियम घालून दिले होते, हे तिला सांगणार होतो. पण तेवढ्यात तिनं पान उलटलं. पुढच्या गणितात महिरपी कंस, त्याच्या पोटात चौकटी कंस, त्याच्या पोटात साधा कंस आणि प्रत्येकाच्या दाराशी एकेक उणे.

"मामा, हे तू कर," ती उठत म्हणाली, "मी चहा टाकते."