पोटगीवाढ आणि वहिनीची पैठणी

मुलगी बालवाडीत होती तेव्हा कोर्टाने आम्हा मायलेकींना महिना सहा हजार रुपये पोटगी ठरवून दिली. मुलगी आता दहावीत आहे. सहा हजार अजून बालवाडीतच आहेत.

म्हणून वाढ मागायची ठरवली. परिस्थिती बदलली की पोटगीची रक्कम बदलून मागता येते, फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम 127. अर्ज टाइप झाला, मग वकीलबाईंच्या घरचं लग्न, माझा टायफॉइड, असं करत फायलीत पडून राहिला आणि 1 जुलै 2024 उजाडला. नवी नागरिक सुरक्षा संहिता लागू झाली, 127 चं 146 झालं. अर्ज पुन्हा टाइप. मला मिळालेली पहिली वाढ ती. एकोणीसची, आणि तीही कलमात.

पुढे पुरावा. तूरडाळ महागल्याचं न्यायाधीशांच्या घरीही कळत असणार, पण कोर्टाला कागद लागतो. कोपऱ्यावरच्या शेटजींनी कॅलेंडरच्या पाठकोऱ्या कागदावर लिहून दिलं, 'किराणा 2340, तेल वेगळे'. पक्कं बिल मागितलं तर म्हणाले, "ताई, नवऱ्याकडून पैसे काढायला माझ्या मागे जीएसटी का लावता?"

सर्वोच्च न्यायालयाने रजनेश विरुद्ध नेहा या 2020 च्या निकालात दोन्ही बाजूंना मिळकत, कर्ज, खर्च सगळ्याचं प्रतिज्ञापत्र बंधनकारक केलं. फार चांगली गोष्ट. भरायला बसेपर्यंत मीही तसंच म्हणत होते. बेरीज केली तर माझा खर्च पोटगी आणि शिवणकामाची कमाई मिळूनही पुरत नव्हता. वकीलबाई म्हणाल्या, "मग जगता कशा?" म्हटलं, दादा देतो. लिहावं, तर समोरचे म्हणणार, भाऊ पोसतोय, वाढ कशाला? लिहू नये, तर म्हणणार, खर्च फुगवलाय. खरं तेच लिहिलं. समोरचे दोन्ही म्हणाले.

ह्यांचं प्रतिज्ञापत्र वाचलं आणि डोळ्यांत पाणी आलं. गाडीचा हप्ता, सोसायटीचं कर्ज, विम्याचे हप्ते कापून हातात उरत होतं ते वाचून मलाच वाटलं, आपणच ह्यांना महिन्याला काहीतरी पाठवावं. वकीलबाई कोरड्या होत्या. आयकरासारखी सक्तीची कपात सोडली, तर हौसेने काढलेली कर्जं पोटगीतून वजा होत नाहीत, म्हणाल्या.

मग आमची उलटतपासणी. भाच्याच्या लग्नातला, मीच स्टेटसला टाकलेला फोटो समोरच्या वकिलांनी रंगीत प्रिंट काढून आणला होता. अर्जदार पैठणीत, नथीसकट. मी घाईघाईने सांगू लागले, वहिनीची हो, घडी मोडायलासुद्धा दिली नव्हती तिने आधी, मीच मागे लागले... साहेबांनी हाताने थांबवलं आणि टंकलेखक बाईंना सांगितलं, "हे म्हणणे खरे आहे की, सदर लग्नात मी पैठणी नेसले होते. हे म्हणणे खरे नाही की, सदर पैठणी माझ्या मालकीची आहे." बाईंनी टंकता टंकता मान वर केली आणि हळूच विचारलं, "मोरबांगडी का?" ते मात्र जबाबात आलं नाही. नथ खोटी होती, तेही कुणी विचारलं नाही.

तारखांच्या मधल्या काळात मी शाहबानो प्रकरण वाचून काढलं. इंदूरच्या दंडाधिकाऱ्यांनी त्यांना महिना 25 रुपये दिले, मध्य प्रदेश उच्च न्यायालयाने वाढवून 179 रुपये 20 पैसे केले. 1985 साली सर्वोच्च न्यायालयाने कायम केलेली, देश ढवळून काढणारी रक्कम ती एवढीच. मला त्यातले 20 पैसे फार आवडतात. शेटजींपेक्षा तो हिशेब पक्का होता.

निकाल लागला. सहाचे साडेनऊ हजार, अर्जाच्या तारखेपासून. ह्यांनी उच्च न्यायालयात धाव घेतली आहे, तेव्हा सध्या वाढ कागदावर आहे.

तुमच्यापैकी कुणी अर्ज करणार असेल तर किराणा आजपासून पक्क्या बिलावर घ्या. आणि लग्नाला जरूर जा, पण स्टेटस टाकण्याआधी वहिनीकडून लिहून घ्या.