जोडाच्या खालची फांदी

"काकू, महिना झाला, ह्या कुंडीला पाणी घालताय अन् दिसतेय नुसती माती. लावलंय तरी काय?"

"चेस्टनट. दिवाळीला भाच्यानं परदेशातून पाकीट आणलं. पाच खाल्ले, तीन लावले."

"पाकिटातले? सोललेले?"

"हो. गोड लागले बाई, भाजलेल्या रताळ्यासारखे."

"अहो, ते भाजलेलेच असतात! भाजलेला शेंगदाणा पेरून कधी वेल आलाय का?"

काकूंनी झारी खाली ठेवली. "मग कच्चे मागवते."

"कच्चे तरी इथं काय करतील? ते बी सुकलं की मेलं. ओल्या वाळूत घालून दोन-तीन महिने फ्रिजात ठेवावं लागतं. एकट्या झाडाला फळ नाही, जोडीदार पाहिजे. त्यात चुनखडीचं वावडं, अन् आपलं काळं रान! जालन्याच्या मोसंबीला 2016 साली जीआय मिळालं, आपल्या पट्ट्यात जिकडं तिकडं मोसंबीचे मळे, अन् तुम्हाला हवं चेस्टनट."

"मोसंबीचं बी लावलं होतं की! दोन वर्षं नुसते काटे."

"बियाचं झाड सात-आठ वर्षं बसवून ठेवतं. रोपवाटिकेत जंबेरीचं नाहीतर रंगपूर लिंबाचं ताजं बी लावतात. खुंट पेन्सिलीएवढा झाला की थंडीत डोळा भरायचा. सालीला इंग्रजी टीसारखा काप घ्यायचा, त्यात मोसंबीचा डोळा सरकवून पट्टी गुंडाळायची. पान कापायचं, देठ तेवढा ठेवायचा. तीन आठवड्यांनी देठाला बोट लावा. टपकन गळला तर डोळा जगला. वाळून चिकटून बसला तर गेला."

"उलटंच की हे!"

"उलटंच. अन् लावताना जोड मातीच्या वर वीतभर. आमच्या मामंजींनी एक झाड जोडासकट गाडलं, डिंक्यानं गेलं. ते अजून म्हणतात, नजर लागली. कुणाची, ते सांगत नाहीत."

"माझंच नाव घेत असतील." काकू भिंतीवरून वाकल्या. "मग एक डोळा द्या. आत्ता भरला तर नाथषष्ठीपर्यंत फूट दिसेल. तुमची ही फांदी आमच्याकडं आलीय, हिच्यावरचाच घेते."

"ही नको, काकू. ही जोडाच्या खालून फुटलीय, खुंटाची. काटे बघा केवढाले. हिला जंबेरी लागतात."

"अगंबाई! म्हणजे नातवानं परवा तोडलं ते..."

"तोंड वाकडं करून थुंकला. मी खिडकीतच होते."