वॉचमन नको, आमदार चालेल

आदिलाबादच्या कारागृहातून माणूस बाहेर पडतो. सरकारी कागदावर तो सुटला. गावाच्या कागदावर? गावाला कागद लागतच नाही. पारावरची बैठक पुरते.

तेलंगणाच्या कारागृह विभागाला मात्र दाद द्यायला हवी. त्याने चक्क पेट्रोल पंप काढले. पेट्रोल भरायला कैदी, शिवाय सुटून आलेलेही. चंचलगुड्याच्या पंपावर हैदराबादकर बिनधास्त टाकी फुल्ल करून घेतात.

हाच माणूस संध्याकाळी भाड्याची खोली मागायला आला तर?

‘कालच गेली हो!’

तुरुंगाचं आम्हाला वावडं नाही, बरं का. संगारेड्डीच्या जुन्या तुरुंगात 500 रुपये भरून एक दिवस कैदी होण्याची सोय 2016 मध्ये निघाली. कैद्याचे कपडे, कैद्याचं जेवण, वर फोटो. पैसे भरून आत गेला तो हौशी. शिक्षा भोगून बाहेर आला तो बदमाश.

औंध संस्थानाने 1939 मध्ये आटपाडीजवळ स्वतंत्रपूर वसवलं. खुनाची शिक्षा झालेले कैदी तिथे बेड्यांविना शेती करू लागले. त्यावरून शांतारामबापूंनी 1957 मध्ये ‘दो आँखें बारह हाथ’ काढला. बर्लिनला बक्षीस मिळालं, आपण थिएटरात डोळे पुसले.

आणि घरी येऊन आतून कडी लावली.

देशातल्या तुरुंगांत चारातले तीन कच्चे कैदी. गुन्हा शाबीतच नाही. उद्या निर्दोष सुटले तरी लोक म्हणणार, ‘काहीतरी केल्याशिवाय का धरलं?’ या निकालावर अपील कुठल्या कोर्टात करायचं?

बरं, पैनगंगा ओलांडून महाराष्ट्रात काम शोधावं, तर तिथेही तेच. वॉचमन व्हायचंय? पोलिसांकडून चारित्र्याचा दाखला आण. शिक्षा सात वर्षांची, चारित्र्याला जन्मठेप.

पुढाऱ्यांचं तसं नाही. दोन वर्षं किंवा जास्त शिक्षा झाली, तर सुटल्यावर सहा वर्षं निवडणूक बंद; लोकप्रतिनिधित्व कायद्यात तसं लिहिलंय. सातव्या वर्षी खुशाल उभे राहा, हार घेऊन आम्ही हजर. वॉचमनच्या डागाला अशी मुदत कोण लिहून देणार?

तेव्हा सुटून आलेल्या भावा, वॉचमनकीचा अर्ज फाड. सहा वर्षं कशीबशी काढ आणि थेट उमेदवारीचा भर.

विधानसभेची अनामत रक्कम 10 हजार रुपये आहे.