‘आलोच’ म्हणजे किती किलोमीटर?

अकोल्याहून अमरावती सुमारे शंभर किलोमीटर, असं रस्त्याकडेचे दगड सांगतात. दगडांवर विसंबून पाहुण्यांसाठी पोळ्या टाकणाऱ्या घरात पोळ्या वातड होतात. म्हणून वऱ्हाडचा हा सुधारित नकाशा. तो आखताना अकोल्याचे माझे मामा प्रमाण मानले आहेत. इतरांनी आपापले मामा घ्यावेत.

आधी एककं. ‘हे काय, इथंच तं हाय’ म्हणजे ऑटो करा. ‘थोडं समोर जा’ म्हणजे सांगणाऱ्याला पत्ता माहीत नाही, पण नाही म्हणणं त्याच्या रक्तात नाही. ‘लय दूर हाय गा’ हे अंतर फक्त सांगणाऱ्याच्या सासुरवाडीला लागू होतं.

सर्वांत अवघड एकक म्हणजे ‘मूर्तिजापूर सोडलं’. हे गाव साधारण मध्यावर येतं, त्यामुळे इतकं पटण्यासारखं खोटं दुसऱ्या कुठल्या गावाच्या नावावर बोलता येत नाही. बोरगाव मंजू म्हटलं तर आपण चिडू, बडनेरा म्हटलं तर आपण घ्यायला जाऊ. अशा वेळी फोनमध्ये मागचा आवाज ऐकावा. कुकरची शिट्टी ऐकू आली, तर मूर्तिजापूर सध्या अकोल्याच्या जठारपेठेत, मामींच्या ओट्याशेजारी आहे.

नकाशात काळाची घडीही दाखवावी लागते. अमरावतीत पत्ता सांगताना चित्रा, प्रभात, सरोज, श्याम ही नावं येतील. ती टॉकीजची आहेत, पण टॉकीज शोधत फिरू नका, चौक शोधा. लॉर्ड आयर्विन 1931 साली हिंदुस्थान सोडून गेले, त्यांच्या नावाच्या चौकाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचं नाव मिळालं, तरी ऑटोवाला ‘इर्विन, इर्विन’ ओरडूनच सीट भरतो. मामा त्याच्याही मागे आहेत. ‘आंबागेटच्या आत’ म्हणजे नेमकं कुठे, हे ते आजही परकोटाच्या हिशोबानं सांगतात.

एक गोष्ट मात्र खरीच ध्यानात ठेवा: मुंबई-हावडा मुख्य मार्ग अमरावतीला टाळून बडनेऱ्यावरून जातो. तिकिटावर अमरावती नसेल तर घाबरू नका, बडनेऱ्याला उतरा. आणि दुपारच्या एसटीनं अमरावतीकडे येत असाल तर हिवाळ्यात उजवी खिडकी धरा, ऊन मिळतं. मे महिन्यात कुठलीच धरू नका, बारा ते चार घरीच बसा.

अवकाशाला खरोखरची गाठ मारायचं काम रेल्वेनं केलं. अकोला-खंडवा मीटरगेजवर मेळघाटात धूळघाटजवळ चढ गाठायला रूळ वळसा घेऊन स्वतःच्याच डोक्यावरून जात. लोक त्याला चारचा आकडा म्हणत. आणि काळाला गाठ मारली शकुंतला नावाच्या गाडीनं. मूर्तिजापूर ते अचलपूर 76 किलोमीटर, वेळ चारेक तास. 1921 साली मँचेस्टरला बनलेलं तिचं वाफेचं इंजिन 1923 ला कामावर रुजू झालं आणि 1994 पर्यंत राबलं. मामा शपथेवर सांगतात की, ते चालत्या गाडीतून उतरून बोरं तोडत आणि पुन्हा त्याच डब्यात चढत. मी हे कधीच तपासलं नाही. तपासायचंही नाही. शकुंतला बंद आहे, पण मामांचं घड्याळ तिच्यावरच लावलेलं आहे.

जून 2022 मध्ये याच अमरावती-अकोला महामार्गावर 75 किलोमीटर डांबरी रस्ता सलग 105 तास 33 मिनिटांत घातला गेला आणि गिनेस बुकात नोंद झाली. ही बातमी मी मामांना मोठ्या आशेनं वाचून दाखवली. ते म्हणाले, ‘तेवढा टाइम तं मलेही लागते, बापू.’

शेवटचं एकक परतीचं. ‘चाल, निघतो मी’ असं पाहुणा म्हणाला की त्याची चप्पल शोधायला जाऊ नये. हे वाक्य तो बसल्या जागेवरून म्हणतो, मग उंबऱ्यात, मग फाटकाशी, आणि फाटकाशी कापसाचा भाव निघतो. त्या दरम्यान एक चहा होतोच, तेव्हा आधण ठेवून द्या. साखर नावालाच टाका, मामांना शुगर आहे. विचाराल तर नाही म्हणतील.