मालिशचा परवाना: काढणे, टिकवणे व नूतनीकरण करणे
(पिंपळवंडी व पंचक्रोशीतील इच्छुकांसाठी मार्गदर्शिका)

उद्देश व व्याप्ती

नारायणगाव ते आळेफाटा या पट्ट्यात माणसांची अंगे दुखण्यास कारणांची कमतरता नाही. कांद्याची लागवड ओणव्याने होते, टोमॅटोचे वीस-वीस किलोचे क्रेट खांद्यावरून गाडीत चढतात, आणि ऊसतोडीचा हंगाम सरता सरत नाही. साहजिकच मालिशला मागणी आहे. बाळ-बाळंतिणीला न्हाऊ घालणाऱ्या मावशी, तालमीतले वस्ताद, लचक काढणारे, उसण उतरवणारे आणि हायवेला गाळा घेऊन 'स्पा' टाकू पाहणारे होतकरू तरुण अशा सर्वांना ही मार्गदर्शिका लागू आहे.

प्रारंभीच एक किरकोळ अडचण नमूद करणे आवश्यक आहे. महाराष्ट्रात मालिश करणाऱ्याला देण्यासाठी राज्य सरकारकडे परवाना नाही. त्यासाठी कायदा नाही, परिषद नाही, छापील अर्जही नाही. एवढ्या कारणावरून अर्जदाराने खचून जाऊ नये. परवाना नसला तरी त्याच्या आजूबाजूचे सर्व कागद उपलब्ध आहेत.

पायरी १: आपण कोण नाही, ते निश्चित करा

आयुर्वेदाचा वैद्य व्हायला साडेचार वर्षांचा अभ्यास आणि वर एका वर्षाची उमेदवारी लागते. फिजिओथेरपिस्टांसाठी राज्याचा २००२ चा कायदा आहे, त्यांची परिषद आहे, आणि २०२१ पासून केंद्राचा आणखी एक कायदा आहे. अर्जदार यांपैकी कोणी नसल्यामुळे त्याने पाटीवर 'डॉ.' लिहू नये, आणि डॉ. नंतर कंसात बारीक अक्षरात काहीही लिहून सुटका होईल असे समजू नये.

'आमच्या तेलाने लकवा बरा' अशी जाहिरातही टाळावी. लकवा आणि संधिवात ही दोन्ही नावे १९५४ च्या औषधे व जादुई उपाय कायद्याच्या यादीत आहेत, आणि ते बरे करण्याचा दावा करणाऱ्या औषधाची जाहिरात हा गुन्हा ठरतो. 'अंग मोकळे होईल' असे लिहिण्यास हरकत नाही. अंग मोकळे झाले की नाही, हे तपासण्याचे यंत्र अद्याप कोणत्याही खात्याकडे आलेले नाही.

पायरी २: हातांऐवजी गाळ्याची नोंद करा

सरकार हात ओळखत नसले तरी गाळा ओळखते. २०१७ च्या दुकाने व आस्थापना कायद्याप्रमाणे मोजकेच कामगार असतील तर नोंदणी दाखल्याची गरज नाही. धंदा सुरू केल्याची सूचना ऑनलाइन दिली की पुरते. जुन्या लोकांच्या तोंडी याचे नाव अजून 'गुमास्ता' किंवा 'शॉप ॲक्ट' असेच आहे, आणि सेवा केंद्रात जाऊन तसेच मागावे. 'आस्थापनेची सूचना द्यायची आहे' असे म्हटल्यास समोरचा मुलगा घाबरतो.

पाटी मात्र मराठीतच हवी. २०२२ च्या दुरुस्तीनंतर ही सक्ती दहापेक्षा कमी कामगारांच्या दुकानांनाही लागू झाली. देवनागरी अक्षर इतर कोणत्याही लिपीतील अक्षरापेक्षा लहान चालत नाही. सबब, तपासणीस आलेले अधिकारी आपल्या 'स्पा'तील 'पा' फूटपट्टीने मोजू शकतात. आपला अंगठा कुठल्या शिरेवर किती जोराने पडतो, हे मोजण्याची तरतूद नाही. त्याच दुरुस्तीने दारूच्या दुकानांना महापुरुषांची आणि गडकिल्ल्यांची नावे देण्यास मनाई केली आहे. मालिश केंद्राला ती मनाई नाही, तरीही जुन्नर तालुक्यात 'शिवनेरी' हे नाव आणखी एका दुकानाला देण्यापूर्वी टपालवाल्याचा विचार करावा.

पायरी ३: आपला खण शोधा

'उद्यम' नोंदणी १ जुलै २०२० पासून सुरू आहे, मोफत आहे आणि तिला नूतनीकरण लागत नाही. (हे वाचून संशय येणे स्वाभाविक आहे, पण खरे आहे.) तेथे आपल्या धंद्याचा आकडा निवडावा लागतो. २००८ च्या राष्ट्रीय औद्योगिक वर्गीकरणात मालिश 'इतर वैयक्तिक सेवा' या खणात येते. त्याच खणात ज्योतिषी, वधूवर सूचक मंडळे, बूटपॉलिश करणारे आणि हमाल आहेत. अर्जदाराने अपमान वाटून घेऊ नये. पत्रिका जुळवणे, लग्न लावून देणे, ओझी वाहणे आणि शेवटी पाठ चोळून घेणे हा संसाराचाच क्रम असून वर्गीकरण करणाऱ्याने तो ओळखलेला दिसतो.

जीएसटीची चिंता वर्षाची उलाढाल वीस लाखांच्या आत असेपर्यंत करू नये. या सेवांवरचा दर २२ सप्टेंबर २०२५ पासून अठरावरून पाच टक्क्यांवर आला, ही बातमी गावातल्या कुठल्याही मावशींना सांगून पाहावी. त्यांच्या चेहऱ्यावर उमटेल तो आनंद मोजण्यास पाच टक्केही फार होतात.

पायरी ४: योजनेत बसून पाहा

१७ सप्टेंबर २०२३ रोजी सुरू झालेल्या पीएम विश्वकर्मा योजनेत अठरा व्यवसाय आहेत. प्रशिक्षण, दिवसाला ५०० रुपये विद्यावेतन, अवजारांसाठी १५,००० रुपये आणि पाच टक्के व्याजाने कर्ज. यादीत न्हावी आहे, परीट आहे, शिंपी आहे. केस कापता कापता डोके दाबून देणारा बसतो. फक्त अंग दाबणारी बसत नाही. बसली असती तरी १५,००० रुपयांची अवजारे कोणती घ्यायची, हा प्रश्नच होता. एक पाट, एक वाटी, एक पंचा. उरलेल्या पैशांत वाट्या घ्यायच्या म्हटले तर सबंध आळीला पुरतील.

त्यानंतर ई-श्रम. ऑगस्ट २०२१ पासून असंघटित कामगारांची नोंद येथे होते. वयाची अट १६ ते ५९. आता पंचक्रोशीत जिच्या हाताखाली बाळ द्यावे असे वाटते, त्या बाईचे वय किती असते? साठीच्या आत असली तर आजी म्हणतात, 'अजून शिकतीय ती.' म्हणजे जोवर पोर्टल तिला कामगार मानते तोवर गाव मानत नाही, आणि गाव मानू लागले की पोर्टल बंद होते. या दोन तारखांमधून जो पार होईल, त्याने आपली नोंद जरूर करावी.

पायरी ५: जन्मजात परवाना (लागू असल्यास)

अर्जदार पायाळू असल्यास पायऱ्या १ ते ४ वगळाव्यात. जन्मताना ज्याचे पाय आधी आले, त्याने उसण भरलेल्या पाठीला पाय लावला की उसण उतरते, अशी आपल्याकडे पक्की समजूत आहे. या परवान्याला परीक्षा नाही, शुल्क नाही, मुदत नाही. पायाळू माणूस बँकेत कॅशियर असो की शाळेत मास्तर, भल्या पहाटे कोणी वाकड्या कंबरेने दारात उभे राहिले तर त्याला चप्पल काढून सेवा द्यावी लागते.

अडचण पुराव्याची आहे. जन्म एकवीस दिवसांत नोंदवावा लागतो, आणि नोंदीच्या अर्जात प्रसूती नैसर्गिक झाली की सिझेरियन, हे विचारतात. पाय आधी की डोके, हा रकाना नाही. त्यातच अशा बाळांचे हल्ली बहुधा सिझेरियनच होते, त्यामुळे नवे पायाळू तयार होणे थांबत आले आहे. सध्याच्या पायाळूंनी आपली तब्येत सांभाळावी.

पायरी ६: खरी परीक्षा

वरील सर्व कागद जमवून झाल्यावर ते एका पिशवीत घालून माळ्यावर ठेवावेत, आणि न्हाणीकडे वळावे. परवाना तिथे मिळतो.

परीक्षक मंडळात किमान दोन आज्या असतात, बाळाच्या आईकडची एक आणि वडिलांकडची एक. त्यांची आपसात कोणत्याही विषयावर एकवाक्यता नसते. मात्र मावशींचे काही चुकले, यावर ती तात्काळ होते. तिसरी परीक्षक बाळंतीण. तिला मत विचारले जात नाही, पण पाठ तिची असते.

प्रात्यक्षिक असे. मावशींनी पाटावर पाय लांब करून बसावे, बाळ पायांवर घ्यावे, तेल हाताला लावून आधी आपल्या मनगटावर त्याची ऊब पाहावी. छाती, पोट, हात, पाय, मग पालथे. टाळूवर तेल जिरवावे, दाबू नये. बेसन आणि सायीने अंग चोळताना बाळाने रडावे. न रडल्यास आजी विचारतात, 'नीट चोळतेस ना?' फार रडल्यास विचारतात, 'एवढं जोरात कशाला?' या दोन प्रश्नांच्या मधला आवाज ज्या हातांना काढता येतो, ते हात उत्तीर्ण. नंतर बाळंतिणीची पाठ, कंबर, पोटऱ्या, वरून कडकडीत पाणी, आणि शेक.

तोंडी परीक्षेत एक प्रश्न हमखास असतो: 'कानात तेल घालतेस का?' एक आजी 'हो' ऐकायला बसलेली असते, दुसरी 'नाही'. बालरोगतज्ज्ञ सांगतात की बाळाच्या कानात आणि नाकात तेल घालू नये. उत्तीर्ण होऊ पाहणाऱ्या मावशींनी 'डॉक्टरीणबाईंनी नको सांगितलंय' असे म्हणून मान खाली घालावी. त्यामुळे राग डॉक्टरांवर जातो आणि बाळाचे कान वाचतात. हीच युक्ती कोंडलेल्या खोलीतल्या धुरीलाही लागू पडते.

शास्त्राधार लागल्यास वाग्भटाचा द्यावा. 'अष्टांगहृदया'त दिनचर्येच्या अध्यायात रोज अभ्यंग करावा, विशेषतः डोके, कान आणि पाय यांना, असे सांगून अजीर्ण झालेल्याने मात्र करू नये, असेही बजावले आहे. (यात कान येतात. तेव्हा हा आधार मोठ्यांच्या मालिशपुरताच काढावा.) यात्रेत मटणावर ताव मारून 'जरा पाय दाबून द्या' म्हणत आडवे होणाऱ्या गिऱ्हाइकास परत पाठवण्यासाठी हे वचन उपयोगी आहे.

नूतनीकरण

मेडिकल कौन्सिलकडे डॉक्टरांना दर पाच वर्षांनी नूतनीकरण करून घ्यावे लागते. मावशींचे नूतनीकरण दर बाळंतपणाला होते. मुदत सव्वा महिना. या काळात बाळाला सर्दी झाली, पोट धरले, किंवा नुसते एक रात्र जागले, तरी कारणे दाखवा नोटीस तोंडी बजावली जाते आणि सायंकाळपर्यंत तिची प्रत प्रत्येक आळीत पोहोचते. अपिलाची सोय नाही. लोकसेवा हक्क कायदा २०१५ पासून आहे, पण त्यात ही सेवा अधिसूचित नाही.

सेवेची वेळ उजाडल्यानंतरचीच ठेवावी. पहाटेच्या अंधारात उसाच्या कडेने एकटीने जाऊ नये. या भागात बिबट्याही पाळीवरच असतो, आणि त्याच्या वेळा आपल्या वेळांशी जुळतात.

परदेशी शाखा

मुलीच्या बाळंतपणाला न्यू जर्सीला निघालेल्या आज्यांसाठी खुलासा: घरच्या बाळाला तेल लावण्यास परवाना लागत नाही. शेजारच्यांनी पैसे देऊ केल्यास मात्र सावध व्हावे. तेथे धंदा म्हणून मालिश करायची तर ५०० तासांचे शिक्षण, परीक्षा आणि दर दोन वर्षांनी नूतनीकरण आहे. न्यूयॉर्कमध्ये तर १,००० तास लागतात. दक्षिण कोरियात मालिशचा परवाना कायद्याने फक्त दृष्टिहीनांना मिळतो, आणि तिथल्या घटनात्मक न्यायालयाने २००८ मध्ये तो नियम कायम ठेवला. त्यांना रोजगार राहावा, हा हेतू.

आता हिशेब करा. बाळ-बाळंतिणीचे रोजचे दोन तास धरले तर चाळीस दिवसांचे ऐंशी होतात. साडेबारा बाळंतपणांत न्यूयॉर्कचे हजार तास भरतात. आपल्याकडच्या जुन्या मावशींनी तेवढी बाळंतपणे कधीच मागे टाकली असतील. त्यांची नोंद कुठेही नाही, त्यामुळे त्यांचा अनुभव शून्य तास समजला जातो.

शुल्क

या तालुक्याला शुल्काचे वावडे नाही. नाणेघाटातला दगडी रांजण सातवाहनांच्या काळात जकात गोळा करायला होता, असे सांगतात. घाट चढून आलेल्याने आधी त्यात टाकायचे आणि मग पुढे जायचे. दर ठरलेला असल्याशिवाय अशी व्यवस्था चालत नाही. आमच्या धंद्यात मात्र शेवटच्या दिवशी साडी-चोळी, ओटीत नारळ, आणि पाकिटात जे घातले असेल ते. पाकीट उघडायचे ते घरी गेल्यावर.

सबब अंतिम सूचना. शासन हातांची परीक्षा घेत नाही, आणि गाव परीक्षा घेते पण दर लावत नाही. तेव्हा अर्जदाराने आयुष्यात एकच कागद स्वतः तयार करावा. त्यावर बाळाचे किती, बाळंतिणीचे किती, खाडा कोणाच्या माथी, हे लिहून पहिल्या दिवशी, तेल कोमट होण्यापूर्वी, दोन्ही आज्यांसमोर ठेवावे. आज्या 'आमच्या वेळी असं नव्हतं' म्हणतील. ते वाक्य पावती समजून घ्यावे.

'आता तुम्हाला काय वाटेल ते द्या' असे अर्जदाराच्या तोंडून निघाल्यास परवाना त्याच क्षणी रद्द समजण्यात येईल.