टक्के उतरवणारे सर

विद्यापीठाच्या मागच्या गेटाबाहेर झेरॉक्स, स्पायरल बाइंडिंग आणि 'प्रबंध टाइप करून मिळेल' अशा पाट्यांची जी दुकानं असतात, त्यांतल्या एखाद्याच्या पोटमाळ्यावर हे सर बसलेले असतात. ते कुठल्या कॉलेजात शिकवायचे, हे कुणी विचारत नाही. 'सर, बेचाळीस आलेत हो,' म्हणत सीएचबीवरचा, म्हणजे तासिका तत्त्वावरचा, एखादा घामाघूम प्राध्यापक जिना चढतो. सर रिपोर्टातल्या रंगीत ओळींवरून बोट फिरवतात आणि वैद्यबुवांच्या थाटात सांगतात, 'उतरेल. नवावर आणू.'

हे साम्याचे टक्के, म्हणजे प्रबंधातला किती मजकूर आधीच्या कुणाच्या तरी लेखनाशी जुळतो, त्याचे. २०१८ साली यूजीसीनं नियम केला: दहापर्यंत चालेल, चाळीसपर्यंत सहा महिन्यांत सुधारून आणा, साठपर्यंत वर्षभर घरी बसा, त्यापुढे नोंदणीच रद्द. २०१९ मध्ये 'शोधशुद्धी' योजनेतून विद्यापीठांना साम्य पकडणारं सॉफ्टवेअर मिळालं, आणि सरांच्या पोटमाळ्यावर पंखा आला.

सलग चौदा शब्दांपर्यंत योगायोगानं जुळलं तर माफ, असंही त्या नियमात आहे. सर एवढीही जोखीम घेत नाहीत. बोटांवर मोजत तेराव्या शब्दालाच हात घालतात. 'याचा तेरावा घातला' म्हणाले की समजायचं, वाक्य मार्गी लागलं. अवतरणचिन्ह देऊन मूळ लेखकाचं नाव लिहिलं तर ती ओळ तपासणीतून वगळतात, हा फुकटचा उपाय त्यांना पक्का ठाऊक आहे. पण तो सांगत बसलं तर पोटमाळ्याचं भाडं कोण देणार?

त्यांच्या हाताखालून गेलेल्या प्रबंधांत 'हरित क्रांती'ची 'हिरवी उलथापालथ' होते, 'मुक्तछंद' 'मोकाट वृत्त' होतो आणि कवितेचं रसग्रहण करायला निघालेला संशोधक तिचं अर्कप्राशन करून परततो. हाताखालच्या पोरानं एकदा 'महात्मा फुले' यांचं 'थोर आत्मा सुमने' केलं. सरांनी त्याला त्याच दिवशी पुन्हा झेरॉक्स मशीनवर धाडलं. कलेला मर्यादा असते.

हा उद्योग साता समुद्रापारही चालतो. २०२१ मध्ये फ्रान्समधल्या गीयोम कबानाक आणि सहकाऱ्यांनी विज्ञानाच्या निबंधांत असलीच शब्दांची मोडतोड हुडकून काढली. 'आर्टिफिशियल इंटेलिजन्स'चं 'काउंटरफिट कॉन्शसनेस' झालेलं त्यांना सापडलं, म्हणजे खोटी शुद्ध! सरांना हे सांगितलं तर ते चुकचुकले. 'मशीनचं काम. हाताच्या कामाची सर नाही.'

एक मात्र कबूल करावं लागतं: अख्खा प्रबंध शब्दन् शब्द वाचणारा माणूस हाच. गाईड सहीपुरता उघडतात, घरचे अर्पणपत्रिकेपुरता. ऋणनिर्देश तेवढा सर वाचत नाहीत, कारण तो तपासणीतच येत नाही. म्हणून तर जिच्या मूक त्यागाशिवाय हे कार्य तडीस जात नाही, ती सहचारिणी सगळ्या प्रबंधांत एकच असते.

पण मध्यंतरी सरांच्या हातून एक शोध लागला. संतसाहित्यावरच्या एका प्रबंधात घाईघाईत त्यांनी 'संतसाहित्य'चं 'साधूंचे सामान' करून टाकलं. व्हायवाला बाहेरून आलेल्या परीक्षकांनी नेमकं त्यावरच बोट ठेवलं. उमेदवारानं ते आयुष्यात पहिल्यांदाच वाचलं होतं. तरी तो डगमगला नाही. 'सर, ती माझी संकल्पना आहे,' म्हणाला. परीक्षकांनी मान डोलावली, अहवालात 'मौलिक योगदान' असं लिहिलं आणि चहा आला.

पुढच्या वर्षी दुसरा उमेदवार जिना चढला. रिपोर्टात पहिल्याच पानावर लाल रंगात 'साधूंचे सामान', साम्य आढळले. सरांनी चष्मा पुसला, जरा विचार केला आणि तिथं 'बैराग्यांची अवजारे' लिहिलं.